महालक्ष्म्यांच्या दिवशी झालेली तपासणी: इंदूरच्या एका प्राथमिक शाळेच्या मान्यतेचं प्रकरण

हे प्रकरण आमच्याच शाळेचं आहे. मी शाळा चालवणाऱ्या समितीची सचिव, फाईल पहिल्या कागदापासून माझ्याकडेच आहे, त्यामुळे जे लिहितेय ते समोर कागद ठेवूनच लिहितेय. शाळेचं नाव देत नाही आणि ऑफिसचं किंवा कुणा अधिकाऱ्याचंही देत नाही, कारण यातली बरीचशी माणसं रोज भेटणारी आहेत आणि मुद्दा त्यांच्या नावाचा नाहीच.

शाळा रामबागेच्या बाजूला एका जुन्या वाड्यात, किरायाच्या जागेत. पहिली ते पाचवी, माध्यम हिंदी आणि मराठी हा विषय, जो आमच्या आजोबांच्या पिढीनं हट्टानं चालू ठेवला. मुलं 148, शिकवणाऱ्या पाच, त्यात मोठ्या बाई, म्हणजे मुख्याध्यापिका, धरून. खाली तीन खोल्या आणि छोटंसं ऑफिस, वर दोन खोल्या, वर जायला लाकडी जिना. समोर रस्ता ओलांडला की नगर निगमचा बगीचा, खेळाचा तास तिथे. त्या 148 मुलांपैकी 34 मुलं आरटीईच्या, म्हणजे शिक्षणहक्क कायद्याच्या, लॉटरीतून आलेली, म्हणजे कलम 12(1)(c) प्रमाणे पहिलीच्या किमान 25 टक्के जागा ज्यांच्यासाठी ठेवायच्या असतात आणि ज्यांची फी सरकार शाळेला देतं ती मुलं.

तपासणी झाली ती नेमकी महालक्ष्म्यांच्या जेवणाच्या दिवशी. इंदूरच्या मराठी घरात त्या दिवशी काय असतं ते सांगायला नको, दोन बाईंची रजा आधीच मंजूर, अर्जही फाईलला, आणि मुलं आली होती 81. साडेअकराला दोघं जण आले, एक बीआरसी म्हणजे ब्लॉकच्या शिक्षण केंद्राच्या ऑफिसातले आणि एक जनशिक्षक, म्हणजे आसपासच्या शाळांवर देखरेख ठेवणारे सरकारी शिक्षक. आधी फोन नाही, पत्र नाही. (अचानक येण्याला माझी हरकत नाही हो, अचानकच यायला पाहिजे, नाहीतर सगळीकडे त्या एका दिवसापुरतं चुन्याचं पोतं फिरतं.) त्यांनी मोबाईलवर फोटो काढले, ॲपवर चढवले, खाली तीन वर्ग बघितले आणि ऑफिसात बसून पंचनामा लिहिला. मोठ्या बाई नैवेद्यासाठी घरी गेलेल्या, तासाभरात येणार होत्या, त्यांची वाट बघितली नाही. सही घेतली ती आमच्या सर्वात तरुण बाईंची, ज्यांना लागून चार महिने झाले होते.

तो पंचनामा मी पहिल्यांदा बघितला तो कोर्टात उत्तराबरोबर लागून आला तेव्हा. त्या आधी पाच महिने मागत होते, मिळाला नाही. एक पानी फॉर्म, निळ्या पेननं भरलेला. शिक्षक 3, खेळाचं मैदान नाही, रॅम्प नाही, मुलींचं शौचालय बंद. खाली बाईंची सही, आणि सहीच्या वर साधारण तीन ओळींची जागा, त्यात वेगळ्या पेननं लिहिलेलं की संस्थेनं सहकार्य केलं नाही. बाई आजही शपथेवर सांगतात की त्यांनी सही केली तेव्हा ती ओळ नव्हती. कुणी कधी लिहिली हे मी सिद्ध करू शकत नाही, म्हणून त्यावर जास्त बोलत नाही, पण तेव्हापासून आमच्या शाळेत कुठल्याही कागदावर सही करताना वरची रिकामी जागा आडवी रेघ मारून बंद करतात आणि त्याच कागदाचा तिथल्या तिथे मोबाईलनं फोटो काढतात.

आता त्या चार गोष्टींचं खरंखुरं काय. आरटीई कायदा 2009 चा, लागू झाला 1 एप्रिल 2010 पासून, आणि शाळेला काय काय पाहिजे ते शेवटच्या अनुसूचीत दिलंय. पहिली ते पाचवीसाठी 121 ते 200 मुलं असतील तर पाच शिक्षक, 150 च्या वर गेले तर पाच आणि वर एक मुख्याध्यापक. आमची 148, म्हणजे पाच पुरे. त्या दिवशी तीन हजर होते हे खरं, पण हजर तीन आणि नेमलेले तीन यात जमीन-अस्मानाचा फरक आहे आणि हजेरीपट आणि रजेचे अर्ज बघायला पाच मिनिटं लागली असती. मैदानाबद्दल अनुसूचीत फक्त खेळाचं मैदान पाहिजे एवढंच आहे, किती फूट ते नाही. बगीच्याच्या वापराचं नगर निगमच्या झोन ऑफिसचं पत्र आमच्याकडे होतं, ते त्यांना पुरेसं वाटतं की नाही हा वादाचा मुद्दा होऊ शकतो हे मी मान्य करते. रॅम्प मात्र नव्हता. दारात दोन दगडी पायऱ्या आहेत आणि अडथळ्याशिवाय आत येता यावं असं कायदा म्हणतो, ती आमची चूक. मुलींच्या शौचालयात खेळाचं सामान भरून कुलूप लावलेलं होतं, मुली मुलांच्याच बाजूला जात होत्या, आणि ही चूक तर मला लिहितानाही लाज वाटते. समितीवर आम्ही तिघी बायका असून महिनोन् महिने कुणी तिकडे डोकावलं नाही.

म्हणजे शाळा निर्दोष होती असं मी म्हणत नाहीये. दोन गोष्टी खऱ्या, एक चुकीची, एक वादाची.

नोव्हेंबरात नोटीस आली. तपासणीत कमतरता आढळल्या, नियमाप्रमाणे कारवाई का करू नये, तीन दिवसांत उत्तर द्या. कुठल्या कमतरता ते नाही, कसली कारवाई ते नाही, पंचनाम्याची कॉपी नाही. आम्ही काय करणार, अंदाजानं उत्तर दिलं, सगळंच जोडलं, शिक्षकांचे नेमणूक-पत्र, झोन ऑफिसचं पत्र, पाण्याची रिपोर्ट, किरायानामा, आणि तोवर शौचालय रिकामं करून धुऊन उघडलं होतं त्याचे फोटो. शेवटी लिहिलं की आम्हाला समोर बोलवा. बोलावलं नाही. 27 फेब्रुवारीला ऑर्डर आली, चार ओळींची, उत्तर समाधानकारक आढळलं नाही म्हणून मान्यता निरस्त, म्हणजे रद्द. मान्यतेचं अजून एक वर्ष बाकी होतं आणि पुढच्या मुदतीचा अर्जही आम्ही टाकून ठेवला होता, ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे कामाला येते.

ऑर्डर आली त्या संध्याकाळी समितीची मीटिंग झाली आणि खरं सांगते, त्यात कायद्याचं कुणी बोललंच नाही, सगळे घाबरले होते. मान्यता नसताना शाळा चालवली तर कलम 18(5) मध्ये एक लाखापर्यंत दंड आणि चालूच ठेवली तर रोजचे दहा हजार. आपल्याकडे सत्र 1 एप्रिलला सुरू होतं. एका महिन्याचे तीन लाख, आमच्या शाळेच्या पगाराच्या कितीतरी वर. एक ज्येष्ठ काका म्हणाले बंद करू, आपली इज्जत राहील. दुसरे म्हणाले कुणालातरी भेटू, होऊन जाईल. या दुसऱ्या वाक्यावर माझा आणि त्यांचा जो वाद झाला तो इथे लिहित नाही, पण भेटायला कुणी गेलं नाही एवढं नक्की.

तिसऱ्या दिवशी एक आई आली. चार घरी पोळ्या करते, खंडव्याकडची, मुलगी तिसरीत आरटीईमध्ये. पॉलिथिनच्या पिशवीत सगळे कागद, समग्र आयडी (मध्यप्रदेश सरकारचा कुटुंबाचा नंबर), लॉटरीचं अलॉटमेंट लेटर, लॅमिनेट केलेलं. बातमी तिला आमच्याकडून नाही, भाजीवाल्याकडून कळली. म्हणाली, ताई तो कागद दाखवा. मी दाखवला. तिला पूर्ण वाचता येत नव्हतं, बोट ठेवून ठेवून एकेक शब्द लावत होती, मग म्हणाली, यात आमच्या पोरीचं कुठं आहे? ती कुठं जाणार ते कुठं लिहिलंय?

नव्हतंच लिहिलेलं. आणि मजकूर नाही ही नुसती माणुसकीची उणीव नाही, ती कायद्याचीच उणीव आहे, हे त्या रात्री कलम 18(3) शब्द न् शब्द वाचताना माझ्या लक्षात आलं. मान्यता काढायची तर लेखी ऑर्डरनं, आणि त्या ऑर्डरमध्येच सांगायचं की या शाळेतली मुलं जवळच्या कुठल्या शाळेत घेतली जातील. आणि त्याच्याच खाली परंतुक आहे की म्हणणं मांडायची संधी दिल्याशिवाय मान्यता काढता येणार नाही. फी भरणाऱ्या 114 मुलांचे आईवडील धावपळ करून कुठेतरी घालतील, पण लॉटरीतून आलेल्या 34 चं काय, त्यांची जागा या शाळेच्या नावावर होती. कायदा करणाऱ्यांना हे सुचलं होतं म्हणून त्यांनी ते कलमातच लिहून ठेवलं, ऑर्डर लिहिणाऱ्यानं ते वाचलं नाही.

वकील आमच्याच ओळखीचे, लोकमान्य नगरचे, फी निम्मी घेतली. त्यांनी पहिलं विचारलं की अल्पसंख्याकाचा मुद्दा घ्यायचा का. हा मुद्दा मध्यप्रदेशातल्या मराठी संस्थांच्या मीटिंगमध्ये हमखास निघतो म्हणून जरा थांबून सांगते. अल्पसंख्याक कोण हे राज्य धरून ठरतं, हे टी. एम. ए. पै खटल्यात 2002 मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलंय, म्हणजे महाराष्ट्रात जो बहुसंख्य तो मराठी माणूस इथे भाषिक अल्पसंख्याक. 12 एप्रिल 2012 च्या निकालात विनाअनुदानित अल्पसंख्याक शाळा आरटीईच्या बाहेर गेल्या, आणि 6 मे 2014 ला प्रमती प्रकरणात पाच न्यायाधीशांच्या घटनापीठानं अनुदानित असो वा विनाअनुदानित, सगळ्याच अल्पसंख्याक शाळा बाहेर काढल्या. समितीतल्या दोघांना हे एकदम पटलं, की मग आपल्याला कलम 18 लागूच नाही, ऑर्डर आपोआप गेली.

मी विरोध केला आणि आजही माझं मत तेच आहे. एक तर आम्ही इतकी वर्षं आरटीईची मान्यता मागितली, लॉटरीची मुलं घेतली, सरकारकडून त्यांची फी घेतली, आणि आता अडचण आली तर म्हणायचं आम्ही त्यातले नाहीच? दुसरं म्हणजे त्या दाव्यानं वाचली असती ती समिती, ती 34 मुलं नाहीत, उलट त्यांच्या जागेचा कायदेशीर आधारच आम्ही आमच्या हातानं काढून टाकला असता. वकिलांनाही माझं पटलं. शिवाय तो रस्ता तेवढा पक्का राहिलेला नाही, 1 सप्टेंबर 2025 ला शिक्षकांच्या टीईटीच्या, म्हणजे पात्रता परीक्षेच्या, प्रकरणात सुप्रीम कोर्टाच्या दोन न्यायाधीशांनी प्रमतीच्या निकालावर शंका काढून तो प्रश्न मोठ्या पीठाकडे जावा म्हणून सरन्यायाधीशांसमोर ठेवायला सांगितलंय, त्यामुळे ज्या संस्था आज याच भरवशावर बसल्यात त्यांनी जरा विचार करावा.

आधी कलेक्टरकडे अपील टाकलं, मोती तबेल्याला, म्हणजे कलेक्टर ऑफिसला, चार चकरा मारल्या, सुनावणीची पेशी लागेना. मार्चचा दुसरा आठवडा संपत आला तेव्हा हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठात राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली रिट याचिका लावली. सरकारी वकिलांचा पहिला आक्षेप ठरलेलाच, अपीलाचा रस्ता असताना इथे का आले. त्याला उत्तर 1998 च्या व्हर्लपूल निकालाचं, की नैसर्गिक न्याय, म्हणजे आधी म्हणणं ऐकून घेणं, पाळलाच गेला नसेल तर दुसरा उपाय आहे म्हणून रिट अडत नाही. मग नोटिशीचा मुद्दा. 2014 चा गोरखा सिक्युरिटी सर्व्हिसेसचा निकाल ठेकेदाराला काळ्या यादीत टाकण्याचा (ब्लॅकलिस्टिंगचा) आहे, शाळेचा नाही, पण तत्त्व तेच, की नोटिशीत नुसते आरोप असून भागत नाही, कुठली कारवाई करणार आहोत हेही कळलं पाहिजे, नाहीतर माणूस उत्तर कशाचं देणार. आमच्या नोटिशीत तर आरोपही नव्हते.

पण खरी गंमत... नाही, गंमत म्हणायला नको, खरा पेच आला तो सरकारच्या उत्तरात. त्यांनी शपथपत्रात लिहिलं की आम्ही मान्यता काढलीच नाही, पुढच्या मुदतीचा अर्ज नामंजूर केला, म्हणून 18(3) लागत नाही, मुलांच्या शाळेचं नाव द्यायची गरज नाही. आणि त्याबरोबर पहिल्यांदाच कारणं दिली, दोन पानं भरून, शिक्षक, मैदान, रॅम्प, सगळं. वकील काकांनी फक्त ऑर्डर वाचून दाखवली, तिथे निरस्त लिहिलंय, नामंजूर नाही, अर्जाचा उल्लेखसुद्धा नाही आणि मान्यतेचं एक वर्ष शिल्लक आहे. आणि 1977 चा मोहिंदर सिंग गिल निकाल ठेवला. त्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी सांगून ठेवलंय की ऑर्डर टिकते की नाही ते तिच्यात लिहिलेल्या कारणांवरच ठरवायचं, मागाहून शपथपत्रात नवी कारणं भरून तिला उभं करता येत नाही, ऑर्डर म्हणजे काही जुनी वाईन नाही की दिवस जातील तशी चांगली होत जाईल. ज्यांना असं प्रकरण चालवायचंय त्यांनी ऑर्डरचा शब्द न् शब्द धरून बसावं, आमची केस त्या एका शब्दावर उभी राहिली.

31 मार्चच्या आधी शाळा चालू ठेवायला अंतरिम परवानगी मिळाली, आणि उन्हाळ्याच्या सुट्टीआधी अंतिम आदेश. ऑर्डर रद्द, पण मान्यता बहाल असंही नाही. पुन्हा तपासणी करा, रिपोर्ट शाळेला द्या, म्हणणं ऐका, कारणं देऊन नवीन ऑर्डर काढा. काही पालकांना वाटलं आपण जिंकलो, पेढे घेऊन आले, त्यांना समजावताना मोठ्या बाईंची पुरेवाट झाली.

दुसरी तपासणी जूनच्या शेवटी. तिघं आले, त्यात एक बाई अधिकारी. तोवर आम्ही रॅम्प बांधला होता, मुलींचं शौचालय नीट केलं होतं, सगळे रजिस्टर टेबलावर. त्या बाईंनी रजिस्टर बाजूला ठेवले आणि सरळ जिन्यापाशी गेल्या. कठडा हातानं हलवला, तो हलला. वर गेल्या, दोन्ही वर्गांच्या मुलांना सांगितलं दप्तर ठेवा आणि खाली या, आणि घड्याळ लावून उभ्या राहिल्या. चौथी-पाचवीची छप्पन मुलं त्या अरुंद जिन्यावर, मधल्या वळणावर अडकली, एक मुलगा रडायला लागला. खाली जिन्याच्या पोटात आमचा चहाचा गॅस आणि सिलिंडर होता. त्या काही बोलल्या नाहीत, नुसतं सिलिंडरकडे बघितलं.

मला तिथेच कुंभकोणम आठवलं. 16 जुलै 2004, तमिळनाडू, स्वयंपाकघरातून आग, गवती छप्पर, अरुंद जिना, 94 मुलं गेली. त्याच घटनेवरून अविनाश मेहरोत्रा प्रकरणात 13 एप्रिल 2009 ला सुप्रीम कोर्टानं म्हटलं की शिक्षणाच्या हक्कात सुरक्षित शाळेचा हक्क येतो, आणि शाळांच्या इमारती आणि आगीच्या बंदोबस्ताबद्दल देशभरासाठी निर्देश दिले. हे सगळं मी रिटच्या तयारीत वाचलेलं होतं, आमच्या बाजूनं काही मिळतं का म्हणून वाचलेलं. आणि सिलिंडर जिन्याखालीच होता. पहिल्या पंचनाम्यात जिन्याचा शब्द नाही, कारण पहिले दोघं वर गेलेच नव्हते, आणि आम्ही दहा महिने त्या पंचनाम्याशी भांडत बसलो म्हणून आम्हीही जिना बघितला नाही. नोटिशीत नाही ना, मग कशाला, हे आमच्याही डोक्यात बसलं होतं, माझ्या तर नक्कीच.

या वेळी रिपोर्टची कॉपी चौथ्या दिवशी मिळाली. सुनावणीला मी आणि मोठ्या बाई गेलो, पाऊण तास ऐकून घेतलं. शिक्षकांचा मुद्दा मिटला, बगीच्याचं पत्र मानलं, आणि जिन्याचं आम्ही वाद न घालता लिहून दिलं. ऑर्डर आली ती अडीच पानांची, मान्यता चालू, अट अशी की लोखंडी रुंद जिना होईपर्यंत वरच्या खोल्यांत वर्ग भरवायचे नाहीत. पहिल्या ऑर्डरपेक्षा ही आम्हाला पैशानं जास्त महाग पडली, घरमालकाशी किराया वाढवून करार करावा लागला, आणि तरी माझं म्हणणं आहे की संपूर्ण प्रकरणात खरी तपासणी ही एकच झाली.

केंद्राचे जे 2010 चे आरटीई नियम आहेत त्यात मान्यता काढायची पद्धत बरीच सविस्तर आहे, शाळेला उत्तराला एक महिना, मग तीन ते पाच जणांची समिती ज्यात सरकारी माणसांबरोबर शिक्षणतज्ज्ञ आणि बाहेरचे लोकही असतात, आणि मान्यता गेलीच तर ती पुढच्या शैक्षणिक वर्षापासून. मध्यप्रदेशचे आपले वेगळे 2011 चे नियम आहेत म्हणून ते इथे थेट लावता येत नाहीत, पण उत्तर लिहिताना आम्ही त्यांचा आधार घेतला की बाबा, रीतसर म्हणजे काय याचा नमुना तरी बघा.

सध्याची परिस्थिती अशी. फेब्रुवारी ते जून या काळात 29 मुलं गेली, आता पटावर 119. टीसीचं रजिस्टर मी बघितलं, कारणाच्या रकान्यात पहिल्या पाच-सहा जणांपुढे बाईंनी पालकांच्या इच्छेने लिहिलंय, नंतर नुसत्या वरच्यासारख्या खुणा. त्यात लॉटरीची मुलं फक्त तीन, आणि याचा मला आनंद वाटावा की काय ते कळत नाही, कारण बाकीची 31 राहिली ती त्यांना जायला जागाच नव्हती म्हणून. ती पोळ्यावाली आई रोज सकाळी मुलीला सोडायला येते, मुलगी आता चौथीत, दुपारच्या पाळीत, कारण वरच्या खोल्या बंद असल्यानं दोन पाळ्या कराव्या लागल्या आणि... नाही, सकाळी ती येते ते धाकट्याला घेऊन, तो या वर्षी पहिलीत लागला. जिन्याचं काम वेल्डरकडे दिलंय, दिवाळीपर्यंत देतो म्हणालाय. निरस्त ऑर्डरच्या काळातली आरटीई मुलांची फी पोर्टलवर अजून अडकलेली आहे, त्याचा अर्ज मागच्या सोमवारी दिला, पावती फाईलला लावली.